झिजलेल्या रिळांचे वारस

१९५९ साली अनंत माने यांचा 'सांगत्ये ऐका' पुण्याच्या विजयानंद थिएटरात लागला आणि १३१ आठवडे तिथून हलला नाही. एकच पडदा, एकच चित्रपट, अडीच वर्षं. हा विक्रम जुने पुणेकर अजून सांगतात, पण ही गोष्ट पुण्यात संपत नाही. शहरातून उतरलेली प्रिंट तालुक्याच्या टॉकीजला जायची, तिथून बाजाराच्या गावी आणि सगळ्यात शेवटी जत्रेतल्या तंबूत. पत्र्याची पेटी रेल्वेने यायची, एसटीच्या टपावरून यायची, कधी बैलगाडीतूनही. मधेच रीळ तुटलं की ऑपरेटर कात्रीने दोन-चार चौकटी कापायचा, फिल्म सिमेंट लावून जोड द्यायचा आणि खेळ पुढे सुरू. लावणीला वन्स मोअर आला की तेवढं रीळ मागे फिरवून पुन्हा चालवायचं. प्रोजेक्टरमधल्या कार्बनच्या कांड्यांची राख, जनरेटरचा धूर, पडद्यापुढच्या गर्दीने उडवलेली धूळ हे सगळं त्या फिल्मवर ओरखड्यांच्या रूपाने उमटत गेलं. ज्या चित्रपटावर लोकांनी सगळ्यात जास्त जीव टाकला, त्याच्याच प्रिंटची सगळ्यात लवकर चाळण झाली.

चित्रपटाचा वारसा जपण्याच्या खटाटोपातली मूळ अडचण हीच आहे. शिलालेख वाचून झिजत नाही. हस्तलिखित जपून हाताळलं तर दोनशे वर्षं वाचता येतं. फिल्म मात्र दाखवली की खराब होते आणि नाही दाखवली तरी डब्यात आपोआप कुजते. जपायची तर कुणासाठी, आणि दाखवायची तर किती, या भांडणातूनच जतनाचं सगळं शास्त्र उभं राहिलं.

प्रस्तुत पुस्तक या विषयाकडे घोड आणि भीमा या नद्यांच्या मधल्या पट्ट्यातून पाहतं. शिरूर तालुक्यातलं मांडवगण फराटा, न्हावऱ्याचा साखर कारखाना, नदीपलीकडचं दौंड जंक्शन, सोलापूर रस्त्यावरचा चौफुला आणि तिथली लावणीची कला केंद्रं असा हा मुलूख आहे. इथे ना स्टुडिओ झाला ना लॅब. चित्रपट इथे तयार झाले नाहीत, ते इथे संपले. शेवटचा खेळ, शेवटचा प्रेक्षक आणि प्रिंटचा शेवटचा जोड इथला. चित्रपट-जतनाची पुस्तकं सहसा मुंबई, पॅरिस किंवा बोलोन्यापासून सुरू होतात. या पुस्तकाने उलट टोक धरलं आहे, आणि ते बरंच झालं. कारण काय हरवलं ते बनवणाऱ्यांच्या यादीवरून जितकं कळतं, त्याहून जास्त पाहणाऱ्यांच्या बाजूने कळतं.

एकच उदाहरण पुरे आहे. बाबूराव पेंटरांनी १९२५ साली महाराष्ट्र फिल्म कंपनीतर्फे 'सावकारी पाश' काढला. कथा नारायण हरी आपट्यांची. कर्जात बुडालेला शेतकरी जमीन घालवतो आणि शहरात गिरणी कामगार होतो, एवढाच ऐवज. पौराणिक चमत्कारांच्या त्या काळात कर्जाचा कागद आणि शेतकऱ्याची झोपडी पडद्यावर आणणं ही नवीच गोष्ट होती. तरुण शेतकऱ्याच्या भूमिकेत शांताराम होते, म्हणजे पुढचे व्ही. शांताराम. ही कथा शिरूरची नव्हती, पण शिरूरला ती कुणी समजावून सांगायची गरज नव्हती. सावकारांविरुद्धच्या ज्या उठावाला इतिहासात दख्खनचे दंगे म्हणतात, त्याची ठिणगी डिसेंबर १८७४मध्ये याच तालुक्यातल्या कर्डे गावात पडली आणि मे १८७५मध्ये भीमथडीतल्या सुप्याला तिचा भडका उडाला. कर्जाच्या दस्तऐवजांच्या होळ्या झाल्या. सरकारने आयोग नेमला, कायदा केला, अहवाल छापले. अहवाल आजही वाचायला मिळतात. त्याच दुःखावर पन्नास वर्षांनी निघालेला मूकपट मात्र हाती नाही. पेंटरांनी १९३६ साली तीच कथा बोलपटात पुन्हा केली, म्हणून नाव तरी टिकलं. अंधारात बुडालेल्या झोपडीचं जे दृश्य त्या काळच्या प्रेक्षकांना वर्षानुवर्षं आठवत राहिलं, ते आता त्यांच्या सांगण्यातूनच कळतं.

नुकसानीचा एकूण हिशेब याहून वाईट आहे. सावे दादा म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर यांनी १८९९मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये कुस्तीचं चित्रण केलं. ते गेलं. दादासाहेब तोरण्यांचा १९१२चा 'श्री पुंडलिक' गेला. भारतात सुमारे तेराशे मूकपट निघाले. त्यातले जेमतेम तीसेक उरले आहेत, आणि तेही बरेचसे तुकड्यांत. १९३१चा 'आलम आरा', भारताचा पहिला बोलपट, त्याचा एक फूटही हाती नाही. राष्ट्रीय चित्रपट अभिलेखागाराचे पी. के. नायर त्याची रिळं शोधत त्याचे दिग्दर्शक अर्देशीर इराणी यांच्यापर्यंत पोहोचले होते. इराणींना वाटत होतं, एखाद-दोन रिळं कुठेतरी असतील. नायर सांगत, की घरातल्याच एकाने त्यांना बाजूला घेऊन हळूच कबुली दिली, ती रिळं अडचणीच्या दिवसांत चांदीसाठी विकली गेली.

चांदीसाठी, हे अक्षरशः खरं आहे. कृष्णधवल फिल्मवरची प्रतिमा चांदीच्या कणांची असते. फिल्म धुऊन चांदी काढायची आणि उरलेली पट्टी बांगड्या, कंगवे, खेळणी करणाऱ्याला वजनावर द्यायची हा रीतसर धंदा होता. त्यात निर्मात्यांना फार पाप वाटत नसे, आणि आज त्यांना नावं ठेवणं सोपं आहे म्हणून ठेवूही नयेत. चित्रपटाची कमाई तो चालेपर्यंतच. पुन्हा प्रदर्शित होण्याची शक्यता संपली की रिळं म्हणजे गोदामाचं भाडं. दूरचित्रवाणी नव्हती, कॅसेट नव्हती. जुना चित्रपट पुन्हा हवा असेल तर तो नव्याने बनवायचा, ही त्या काळची व्यवहारी समजूत होती.

उरलेलं काम आगीने केलं. १९५०च्या सुमारापर्यंत ३५ मिलिमीटरचे चित्रपट नायट्रेट फिल्मवर निघत. हा पदार्थ तोफेच्या बारुदीचा सख्खा भाऊ. पेटला की जळण्यापुरता ऑक्सिजन स्वतःच पुरवतो, त्यामुळे पाण्याखालीही विझत नाही. गांधीहत्येनंतरच्या १९४८च्या जाळपोळीत भालजी पेंढारकरांचा कोल्हापूरचा जयप्रभा स्टुडिओ भस्मसात झाला. ८ जानेवारी २००३ रोजी पुण्यात फिल्म इन्स्टिट्यूटच्या आवारात, म्हणजे एकेकाळच्या प्रभात फिल्म कंपनीच्या जागेतच, नायट्रेटच्या साठ्याला आग लागली आणि जुन्या जमान्याची मूळ रिळं गेली. काहींच्या प्रती आधीच सुरक्षित फिल्मवर काढलेल्या होत्या, एवढाच दिलासा.

सुरक्षित म्हणायची ती अॅसिटेट फिल्म. ती सहज पेटत नाही, पण आंबते. उष्ण आणि दमट हवेत तिचा पाया फुटून अॅसेटिक आम्ल सुटतं, डबा उघडला की व्हिनेगरचा वास येतो, फिल्म आक्रसते, वाकडी होते आणि एका डब्याचा वास शेजारच्या डब्यांनाही पोखरतो. ही फिल्म १९४८मध्ये बाजारात आली. ती अशी कुजते, ही पहिली तक्रार दहा वर्षांच्या आत ईस्टमन कोडॅककडे गेली, ती भारत सरकारकडून. शीत प्रदेशातल्या कारखान्याला जे दिसलं नव्हतं, ते इथल्या उन्हाळ्याने आणि पावसाळ्याने दाखवून दिलं. रंगीत फिल्मची तऱ्हा आणखी वेगळी. निळा आणि पिवळा उडून जातो आणि सगळा चित्रपट गुलाबी पडतो. सत्तर-ऐंशीच्या दशकातले रंगीत मराठी चित्रपट ज्यांनी जत्रेत पाहिले, त्यांना हिरवा शालू तांबूस दिसल्याचं आठवत असेल. त्यात तंबूवाल्याचा दोष नव्हता.

या सगळ्याला तोंड द्यायला जगात पहिली फळी १९३८ साली उभी राहिली. पॅरिस, लंडन, न्यूयॉर्क आणि बर्लिनच्या चार चित्रपट-संग्रहांनी मिळून आपला आंतरराष्ट्रीय महासंघ स्थापन केला. पहिल्याच पिढीत दोन पंथ पडले, आणि आजवरचे बहुतेक वाद त्या दोन पंथांचेच आहेत. पॅरिसच्या हेन्री लांग्लुआचं म्हणणं, मिळेल ते गोळा करा आणि दाखवा, न दाखवलेला चित्रपट मेल्यातच जमा. लंडनच्या अर्नेस्ट लिंडग्रेनचं म्हणणं, आधी यादी करा, तपासा, प्रत काढा, आणि मूळ प्रत प्रोजेक्टरच्या जवळपासही नेऊ नका. लांग्लुआ अव्यवस्थित होता, लिंडग्रेन कंजूष वाटायचा. पण लांग्लुआच्या खुर्च्यांवर बसून फ्रान्सची दिग्दर्शकांची एक पिढी घडली आणि लिंडग्रेनच्या शिस्तीमुळे ब्रिटनच्या निगेटिव्ह टिकल्या.

भारतात राष्ट्रीय चित्रपट अभिलेखागार फेब्रुवारी १९६४मध्ये पुण्यात सुरू झालं. फिल्म इन्स्टिट्यूट आधीच, १९६०मध्ये, प्रभातच्या जागेत आली होती. १९२९ साली कोल्हापुरात निघालेली आणि १९३३मध्ये पुण्याला आलेली प्रभात १९५३मध्ये बंद पडली होती. अभिलेखागार दिल्लीत किंवा मुंबईत न होता इथे झालं ते या शेजारामुळे. प्रभातचे चित्रपट मात्र केवळ सरकारमुळे वाचले असं नाही. संस्थापकांपैकी विष्णुपंत दामल्यांच्या घरच्यांनी पुढे हक्क परत मिळवून ते सांभाळले. १९३६चा 'संत तुकाराम', १९३७मध्ये व्हेनिसच्या महोत्सवात गौरवला गेलेला, आज पाहता येतो याला असे दोन-तीन हात लागलेले आहेत.

नायर हे या कहाणीतलं सगळ्यात मोठं नाव. परमेश कृष्णन नायर १९३३मध्ये तिरुवनंतपुरमला जन्मले, १९६१मध्ये इन्स्टिट्यूटमध्ये संशोधन सहायक म्हणून आले, १९६५मध्ये अभिलेखागारात गेले, १९८२मध्ये संचालक झाले आणि १९९१मध्ये निवृत्त. तोवर संग्रहात बारा हजार चित्रपट आले होते, त्यातले आठ हजार भारतीय. दादासाहेब फाळक्यांच्या १९१९च्या 'कालिया मर्दन'चे सुटे तुकडे जमवून, फाळक्यांच्या स्वतःच्या नोंदींवरून त्यांनी क्रम लावला आणि चित्रपट पुन्हा उभा केला. केरळचा 'मार्तंड वर्मा' १९३३चा. हक्काच्या खटल्यात अडकून एका प्रकाशकाच्या ताब्यात पडून राहिला, म्हणून टिकला आणि नायरांना मिळाला. कोर्टकज्जाने कलाकृती वाचल्याची अशी उदाहरणं फार नसतील. नायर स्वभावाने लांग्लुआच्या पंथाचे. चांगलं-वाईट ठरवायला ते बसले नाहीत. आजचा टाकाऊ स्टंटपट उद्या कुणाला कशासाठी लागेल हे सांगता येत नाही, अशी त्यांची धारणा होती. आणि ते चित्रपट घेऊन गावी जात. कर्नाटकातल्या मलनाडमध्ये हेग्गोडू हे सुपारीच्या बागांचं गाव, तिथली के. व्ही. सुब्बण्णांची नीनासम ही संस्था. तिथल्या शेतकऱ्यांनी 'पथेर पांचाली', 'बायसिकल थीव्हज', 'राशोमोन' पाहिले, त्यावर चर्चा केली. शिवेंद्रसिंह डुंगरपूर यांच्या २०१२च्या 'सेल्युलॉइड मॅन' या माहितीपटात ती माणसं अनेक वर्षांनंतर त्या चित्रपटांविषयी बोलताना दिसतात, आणि शहरातल्या फिल्म सोसायटीने कान टोचून घ्यावेत असं बोलतात.

नायर ४ मार्च २०१६ रोजी पुण्यात वारले. त्यांच्या मागे जो प्रश्न उरला तो जतनाचा कमी आणि पुनरुज्जीवनाचा जास्त आहे. या दोन गोष्टींची नेहमी गल्लत होते. जतन म्हणजे जे आहे ते थंड आणि कोरड्या जागी ठेवून कुजण्याचा वेग कमी करणं. पुनरुज्जीवन म्हणजे पहिल्या खेळाला पडद्यावर जे दिसलं आणि ऐकू आलं त्याच्या जवळ पुन्हा जाणं. दुसरं काम महागडं आणि वेळखाऊ. मूळ निगेटिव्ह शोधायची, नसेल तर उत्तमातली उत्तम प्रत, तीही अपुरी असेल तर दोन-तीन देशांतल्या प्रतींचे तुकडे. हाताने साफसफाई, फाटलेल्या भोकांची दुरुस्ती, मग एकेका चौकटीचं स्कॅनिंग. सेकंदाला २४ चौकटी या हिशेबाने अडीच तासांच्या चित्रपटात दोन लाख सोळा हजार चौकटी होतात. ओरखडे संगणकावर पुसता येतात, पण चुकीच्या हाताने पुसले तर पावसाचे थेंबही ओरखडे समजून पुसले जातात.

इथेही पंथ आहेत. इटलीतल्या बोलोन्याची परंपरा सांगते, की प्रत्येक बदलाची नोंद ठेवा, मूळ फिल्मचा कण कायम ठेवा, छायालेखक हयात असेल तर रंग त्याला विचारून ठरवा. बाजाराची परंपरा सांगते, की प्रेक्षकाला चकचकीत हवं. त्यातून कृष्णधवल चित्रपट रंगवण्याची लाट आली. 'मुघल-ए-आझम' २००४मध्ये, 'नया दौर' २००७मध्ये रंगीत होऊन आले. 'मुघल-ए-आझम'च्या बाबतीत दिग्दर्शकाने स्वतःच काही भाग रंगीत केला होता, तेव्हा निदान बाजू मांडायला जागा आहे. पण कुणी 'कुंकू' किंवा 'माणूस' रंगवायला काढला, तर प्रभातच्या छायालेखकांनी काळ्या-पांढऱ्यात जे कमावलं ते पुसून टाकल्यासारखं होईल. हे पुस्तक या वादात तटस्थ राहत नाही. प्रस्तावनाकारालाही तटस्थ राहण्याचं कारण दिसत नाही.

जतनाला अभ्यासाची जोड नसेल तर काय होतं याचा नमुना 'राजा हरिश्चंद्र'. ३ मे १९१३ला मुंबईच्या कॉरोनेशन थिएटरात आलेल्या या चार रिळांच्या चित्रपटाचं पहिलं आणि शेवटचं रीळ उरलं आहे असं शाळेच्या पुस्तकांपासून सगळीकडे लिहिलेलं असतं. फाळक्यांनी हीच कथा १९१७मध्ये पुन्हा चित्रित केली होती, आणि उरलेली दृश्यं त्या दुसऱ्या आवृत्तीची असावीत असं काही अभ्यासक सांगतात. राष्ट्राच्या पहिल्या कथापटाची ओळखपरेडच अजून पूर्ण झालेली नाही.

काही गोष्टी वाचल्या त्या परदेशात राहिल्या म्हणून. १९१९चा 'बिल्वमंगल' पॅरिसच्या संग्रहात निघाला आणि त्याच्या उरलेल्या भागाची डिजिटल प्रत २०१६मध्ये पुण्याला आली. १९२८चा 'शिराझ' लंडनच्या ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटने उजळवला आणि २०१७मध्ये अनुष्का शंकर यांच्या संगीतासह दाखवला. मराठीचं उदाहरण याहून बोलकं आहे. विजय तेंडुलकरांच्या नाटकावरचा 'घाशीराम कोतवाल' हा चित्रपट १९७६मध्ये युक्त या सहकारी गटाने केला, मणी कौल, के. हरिहरन, कमल स्वरूप, सईद मिर्झा यांनी मिळून. त्याची प्रत बर्लिनच्या आर्सेनाल या संस्थेच्या संग्रहात राहिली होती. तिथेच तिचं डिजिटल पुनरुज्जीवन झालं आणि २०१४च्या बर्लिन महोत्सवात ती दाखवली गेली. नाना फडणविसाचं पुणं बर्लिनमध्ये सुखरूप राहिलं, यावर हसावं की रडावं हे ज्याने त्याने ठरवावं.

या विषयाची निकड आताच का, याचं उत्तर गेल्या पंधरा-वीस वर्षांत आहे. २००५नंतर टॉकीजमध्ये उपग्रहावरून चित्रपट येऊ लागले, बघता बघता प्रिंट काढणं थांबलं, लॅब एकामागून एक बंद झाल्या. बंद पडलेल्या लॅबच्या रॅकवर निर्मात्यांनी बिलं थकवून ठेवलेल्या निगेटिव्ह राहिल्या. त्यात फाळके-पेंटर नव्हते. त्यात ऐंशी आणि नव्वदच्या दशकांतले चित्रपट होते, ज्यांना कुणी वारसा म्हणत नाही. ग्रामीण महाराष्ट्रात 'माहेरची साडी'ने १९९१मध्ये जी गर्दी खेचली ती कुठल्याही पुरस्कारप्राप्त चित्रपटाला खेचता आली नाही, पण अभ्यासकांच्या यादीत असे चित्रपट शेवटी येतात. त्यावर हमखास ऐकू येणारं उत्तर म्हणजे, यूट्यूबवर आहे की. तिथे असते ती दूरचित्रवाणीसाठी कधीकाळी काढलेली, कडा कापलेली, कोपऱ्यात वाहिनीचं चिन्ह चिकटलेली, मधली गाणी गाळलेली प्रत. ज्या टेपवर ती काढली गेली तो टेपही एव्हाना चालत नाही. आणि डिजिटल म्हणजे अमर हा दुसरा भ्रम. हार्ड डिस्क कपाटात ठेवून विसरली तर दहा वर्षांनी उघडेल याची खात्री नाही. तिच्यावरचा मजकूर ठरावीक काळाने नव्या साधनावर हलवत राहावा लागतो. थंड खोलीत नीट ठेवलेली फिल्म मात्र शंभर वर्षं टिकल्याचा पुरावा आहे.

सरकारचं लक्ष नाही असं म्हणता येणार नाही. राष्ट्रीय चित्रपट वारसा अभियानाला ५९७ कोटी रुपये मंजूर झाले. २०२२मध्ये सुमारे २,२०० चित्रपटांच्या पुनरुज्जीवनासाठी त्यातले ३६३ कोटी जाहीर झाले. त्याच वर्षी अभिलेखागार राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन करण्यात आलं, आणि संशोधनाची संस्था व्यवसायाच्या महामंडळाखाली गेल्याबद्दल चित्रपटसृष्टीतून पुष्कळ विरोधही झाला. वारसा अभियानातून उजळलेला आचार्य अत्र्यांचा 'श्यामची आई', राष्ट्रपतींचं पहिलं सुवर्णपदक मिळवणारा, २०२३मध्ये गोव्याच्या इफ्फी महोत्सवात दाखवला गेला. कायद्याची बाजू मात्र लंगडीच आहे. छापलेल्या पुस्तकाची प्रत राष्ट्रीय ग्रंथालयाला देण्याची सक्ती १९५४पासून आहे. चित्रपटाची चांगली प्रत अभिलेखागारात ठेवण्याची तशी सक्ती नाही. पाचपन्नास प्रतींची कवितेची पुस्तिका कायद्याने जपली जाते, कोट्यवधींनी पाहिलेला चित्रपट निर्मात्याच्या मर्जीवर.

खासगी प्रयत्नांत डुंगरपूर यांनी २०१४मध्ये मुंबईत सुरू केलेल्या फिल्म हेरिटेज फाउंडेशनचं काम मोठं आहे. अरविंदन यांचा 'थम्प' २०२२मध्ये, मणिपूरचा 'इशानौ' २०२३मध्ये आणि श्याम बेनेगल यांचा 'मंथन' २०२४मध्ये, असे तीन चित्रपट त्यांनी ओळीने कानच्या महोत्सवात नेले. यातला 'मंथन' शिरूर-दौंडच्या वाचकाला सगळ्यात जवळचा वाटावा. १९७६च्या या चित्रपटाला गुजरातच्या पाच लाख दूध उत्पादकांनी प्रत्येकी दोन रुपये दिले होते. निर्माते म्हणून श्रेय त्यांचंच. निगेटिव्ह पुण्याच्या अभिलेखागारात होती, आवाज फाउंडेशनकडच्या प्रतीवरून घेतला आणि छायालेखक गोविंद निहलानी यांच्या देखरेखीखाली रंग जुळवले. १ जून २०२४ला तो पुन्हा थिएटरांत आला. सकाळ-संध्याकाळ डेअरीवर कॅन घेऊन जाणाऱ्या आणि कारखान्याच्या निवडणुकीत गट सांभाळणाऱ्या माणसाला या चित्रपटात काय दिसेल, हे शहरातल्या समीक्षकाने सांगायची गरज नाही.

तक्रार आहे ती इथेच. उजळवलेले चित्रपट कानला जातात, बोलोन्याला जातात, मुंबई-पुण्याच्या मल्टिप्लेक्समध्ये एखादा आठवडा लागतात. ज्या गावांनी त्यांच्या मूळ प्रती पाहून पाहून झिजवल्या, तिथे ते परत येत नाहीत. तालुक्याची टॉकीज पडून तिथे मंगल कार्यालय किंवा गाळे झालेले असतात. जत्रेतले तंबूही उठत चालले आहेत. शर्ली अब्राहम आणि अमित मधेशिया यांच्या 'द सिनेमा ट्रॅव्हलर्स' या माहितीपटाने महाराष्ट्रातल्या या फिरत्या सिनेमाचे शेवटचे हंगाम टिपले आणि २०१६मध्ये कानला विशेष उल्लेख मिळवला. गंजलेला प्रोजेक्टर, चालत्या ट्रकवर लादलेला तंबू, डिजिटलला जुळवून घेताना मालकाची होणारी ओढाताण त्यात आहे. तो माहितीपट पाहिला की कळतं, चित्रपटाच्या वारशात पाहण्याची रीतही येते, आणि तिची निगेटिव्ह नसते.

या पुस्तकाची खटपट ही दोन टोकं जोडण्याची आहे. तंत्रज्ञांसाठीची ही हस्तपुस्तिका नव्हे. रसायनशास्त्र लागेल तेवढंच आणि शाळकरी मुलालाही कळेल अशा भाषेत दिलेलं आहे. मराठी चित्रपटाचा सलग इतिहासही इथे सापडणार नाही, तो इतरांनी लिहिलेला आहे. काही लेख अभ्यासकांचे, काही ज्यांचे हात रिळांना लागले अशांचे. त्यामुळे सूर एकसारखा नाही, काही ठिकाणी एक लेख दुसऱ्याशी भांडतो. जुन्या ऑपरेटरला जोड म्हणजे कौशल्य वाटतं, संग्रहातल्या माणसाला तीच इजा. संपादकांनी ते भांडण मिटवलेलं नाही हे चांगलं केलं. तमाशापटांवरचा भर काहींना जास्त वाटेल. चौफुल्याच्या परिसरातल्या पुस्तकात तो नसता तरच नवल. हंसा वाडकर आणि जयश्री गडकर यांनी पडद्यावर उभी केलेली लावणी आणि कला केंद्रातली बैठकीची लावणी यांत किती अंतर होतं हे तपासायचं, तर त्या चित्रपटांच्या पूर्ण लांबीच्या, गाणी न कापलेल्या प्रती हव्यात. जतनाचा प्रश्न असा थेट कलेच्या इतिहासाला भिडतो.

नव्या वाचकाला एक गोष्ट पुस्तक वाचण्याआधीच सांगायला हवी. अभिलेखागार केवळ रिळं घेत नाही. गाण्यांच्या चोपड्या, पोस्टर, छायाचित्रं, पटकथा हेही तिथल्या संग्रहाचे भाग आहेत, आणि असं साहित्य टॉकीजच्या जुन्या मालकांच्या, पोस्टर चिकटवणाऱ्यांच्या, तंबूबरोबर हिंडलेल्यांच्या घरी माळ्यावर निघतं. डबा सापडला तर त्यातली फिल्म उलगडून उजेडात धरण्याचा मोह टाळावा. आंबट वास येत असेल तर तो डबा इतर डब्यांपासून वेगळा, हवेशीर आणि सावलीत ठेवावा. १९५०च्या आधीची ३५ मिलिमीटरची फिल्म असेल तर ती नायट्रेट असू शकते, ती चुलीपासून, पत्र्याखालच्या उन्हापासून लांब हवी आणि पुण्यात लॉ कॉलेज रस्त्यावरच्या अभिलेखागाराला लवकर कळवायला हवं. डब्यात नामवंत चित्रपट नसेल म्हणून फेकूनही देऊ नये. सोळा मिलिमीटरच्या छोट्या रिळात एखाद्या कारखान्याचा पहिला गळीत हंगाम असेल, धरणाचं भूमिपूजन असेल, दूध संघाची सभा किंवा कुस्त्यांचा फड असेल. कथापटांची नावं तरी सेन्सॉरच्या दप्तरात आणि जुन्या जाहिरातींत सापडतात. या चित्रणांची नोंद कुठल्याच यादीत नसते, आणि बहुतेकांची दुसरी प्रत कधी निघालेलीच नसते.